संग्रहित काका

आमच्या इमारतीतले तिसऱ्या मजल्यावरचे काका २०१४ साली गेले. तेव्हापासून ते वर्षातून एकदाच दिसतात, जुलैमध्ये, टीव्हीवर. पहिला दणदणीत पाऊस झाला, लोकल बसली, की एका वाहिनीवर काका येतात. कमरेएवढ्या पाण्यातून, रेक्झिनची काळी बॅग दोन्ही हातांनी डोक्यावर धरून, डावीकडून उजवीकडे चालत जातात. जाता जाता कॅमेऱ्याकडे बघून काहीतरी बोलतात. एकूण चार सेकंदं. मग 'मुंबईची तुंबई' हा शब्द जणू आज पहाटेच सुचलाय अशा थाटात अँकर ओरडतो, आणि काका पुन्हा डावीकडून निघतात.

दृश्य २६ जुलै २००५ चं आहे. त्या दिवशी सांताक्रूझला चोवीस तासांत ९४४ मिलिमीटर पाऊस नोंदला गेला आणि काका कलिन्याहून घरी चालत निघाले. बॅगेत डबा, छत्री (धो धो पावसात छत्री बॅगेत का, हा प्रश्न काकूंनी त्यांना पुढे नऊ वर्षं विचारला) आणि दुरुस्त करून आणलेला काकूंचा चष्मा. दुसऱ्या दिवशी दुपारी पोचले. आल्याचा चहा घेतला, दोन दिवस कण्हले, तिसऱ्या दिवशी कामावर गेले. यथावकाश निवृत्त झाले, बायपास करून घेतली, वारले. पण पाण्यातून बाहेर काही आले नाहीत. वाहिनी येऊ देत नाही.

वर कोपऱ्यात बारीक अक्षरांत 'संग्रहित' असं लिहिलेलं असतं. जाहिरातीतल्या 'अटी लागू'सारखं. असल्याशी मतलब, वाचल्याशी नाही.

काकू पहिल्या वर्षी रडल्या. दुसऱ्या वर्षी लेकीला फोन केला. आता वरून मला हाक मारतात, 'अरे, लाव लाव, आलेत!' पेन्शनर मंडळी नोव्हेंबरात बँकेत जाऊन हयातीचा दाखला देतात. काका मेल्यावर, जुलैत देतात.

अशा माणसांवर वृत्तवाहिन्यांचा संसार चालतो. लासलगावच्या बाजारात कांदे निवडणाऱ्या एक बाई तुम्हीही पाहिल्या असतील. कांदा कडाडला की त्या दिसतात, कोसळला की दिसतात, निर्यातबंदी लागली की दिसतात, उठली की दिसतात. कांद्याचा भाव बदलतो, बाईंच्या चेहऱ्यावरचा बदलत नाही. दुष्काळासाठी एक आजोबा राखून ठेवलेत, कपाळाला हात लावून आभाळाकडे बघणारे. त्यांच्या जमिनीची एव्हाना बिनशेती होऊन तिथे सात मजली सोसायटी झाली असेल आणि आजोबा तिसऱ्या मजल्यावर एसीत बसले असतील, पण आमच्यासाठी त्यांचा पाऊस अजून यायचाय. बँकेच्या घोटाळ्याला नोटा मोजणारी बोटं आहेत. सोन्याच्या दराला एक गळा आहे. नुसता गळा. त्याच्या वर चेहरा आहे की नाही, हे आजतागायत कळलेलं नाही.

निर्मात्याच्या दृष्टीनं यांच्यासारखे कलावंत नाहीत. तारखांची कटकट नाही, व्हॅनिटी व्हॅन नाही, युनिटचा चहासुद्धा नाही. आणि अभिनय एकदम नैसर्गिक, कारण तो चालू आहे हे त्यांना ठाऊकच नाही.

हा उद्योग कॅमेऱ्याइतकाच जुना आहे. १८९५ मध्ये ल्यूमिएर बंधूंनी लियाँमधल्या आपल्याच कारखान्यातून सुटणारे कामगार चित्रित केले. मिनिटभराचाही ऐवज नाही, पण सिनेमाच्या इतिहासावरचा कुठलाही माहितीपट त्याच्याशिवाय हलत नाही. 'सहज टिपलेलं जीवन' असं त्याचं वर्णन करायची पद्धत आहे. सहज कसलं डोंबलाचं? मालकांनी ते तीन वेगवेगळ्या वेळी काढून घेतलं. तीन आवृत्त्या आहेत आणि अभ्यासक त्या घोड्यांवरून ओळखतात: एका घोड्याची, दोन घोड्यांची आणि बिनघोड्याची. फाटकातून एवढी माणसं बाहेर पडतात, त्यांतल्या कुणाच्या नावावरून आवृत्तीचं नाव नाही. घोडे मात्र चोख मोजलेत. ७ जुलै १८९६ ला मुंबईच्या वॉटसन हॉटेलात तेच दृश्य आपल्याकडे आलं. तेव्हापासून हे कामगार कारखान्यातून सुटतच आहेत. सव्वाशे वर्षांच्या या ओव्हरटाइमचं काय, ते मालकांच्या वारसांनी बघावं.

तर, काका काय बोलतात?

यावर घरात तीन पक्ष आहेत. काकूंच्या मते ते 'पुढे खड्डा आहे, जपून' असं कॅमेरावाल्याला सांगतायत. लेकीच्या मते, 'घरी फोन लागत नाहीये.' काकांना चाळीस वर्षं ओळखत असल्यानं माझं मत वेगळं आहे, पण या सदरात तो शब्द छापता येत नाही. गेल्या पावसाळ्यात काकू म्हणाल्या, 'त्यांच्याकडे आवाज असेल ना रे? विचार की.' म्हणून मी वाहिनीला फोन लावला. सहाव्या बदलीनंतर संग्रह विभागातली एक मुलगी आली.

'मूळ फुटेज हवं होतं, आवाजासकट.'

'कुठल्या प्रॉडक्शन हाउसमधून बोलताय, सर?'

'घरून.'

थोडी शांतता. 'क्लिपचं नाव?'

मी काकांचं नाव सांगितलं. मिळालं नाही. आडनाव सांगितलं, तारीख सांगितली, कलिना सांगितलं. शेवटी सापडलं. तिनं वाचून दाखवलं, 'वॉटर लॉगिंग, मेल, बॅग, मिड शॉट.'

एकतीस वर्षं एका खुर्चीत नोकरी केलेला, सोसायटीचा दोनदा सेक्रेटरी झालेला माणूस. 'मेल, बॅग.'

दर सेकंदावर होता. कमीत कमी तीस सेकंदांचे पैसे भरायचे.

'पण दृश्य चारच सेकंदांचं आहे.'

'मग साडेसात वेळा बघा ना, सर.' पोरगी हुशार होती, पुढेमागे संपादक होईल. 'आणि आवाज नाहीये. जुन्या टेपवरून घेताना ऑडिओ गेला. अजून एक, तुम्ही कुठे वापरणार असाल तर त्यातल्या माणसाची एनओसी लागेल.'

वाहिनी गेली कित्येक वर्षं त्याच माणसाला पाण्यात उभं करतेय, ती कुणाच्या एनओसीवर, असं विचारायचं माझ्या ओठांवर आलं होतं. पण तोवर तिनं मला होल्डवर टाकलं होतं. होल्डवर सनई होती.

सेकंदाच्या दराचं म्हणाल तर जगातला विक्रम डॅलसच्या एका कपडेवाल्याच्या नावावर आहे. बायकांचे कपडे शिवून विकणारे अब्राहम झाप्रुडर २२ नोव्हेंबर १९६३ ला हौसेचा कॅमेरा घेऊन अध्यक्ष केनेडींची मिरवणूक बघायला गेले आणि त्यांच्या हातून खून चित्रित झाला. जेमतेम २६ सेकंदं, ४८६ चौकटी. त्या फिल्मपोटी अमेरिकी सरकारला १९९९ मध्ये झाप्रुडरांच्या वारसांना १ कोटी ६० लाख डॉलर मोजावे लागले. सेकंदाला सहा लाख डॉलर पडले. ज्यानं कॅमेरा धरला त्याच्या घरी हे पैसे गेले. ज्यानं गोळी खाल्ली तो 'मेल, मोटार, लाँग शॉट'.

मेलेल्याच्या चेहऱ्यावर मालकी कुणाची, याबद्दल कायद्याचंही एकमत नाही. सुशांतसिंह राजपूतच्या वडिलांचा दावा २०२३ मध्ये दिल्ली उच्च न्यायालयात टिकला नाही. हे हक्क माणसाबरोबरच संपतात, वारसांकडे जात नाहीत, असं न्यायालयानं म्हटलं. कॅलिफोर्नियात उलट. तिथे मृत्यूनंतर सत्तर वर्षं चेहरा वारसांचा. म्हणजे आपल्याकडे मेलेला माणूस गायरान, तिकडे वडिलोपार्जित जमीन. सातबाऱ्यावर बोजासुद्धा चढवता येईल.

वारसांची सही असली तरी मेलेल्याची धडगत असतेच असं नाही. नर्तक-नट फ्रेड अस्टेअर १९८७ मध्ये गेला. दहा वर्षांनी तो टीव्हीवर परत आला आणि व्हॅक्यूम क्लीनरबरोबर नाचला. जुन्या सिनेमातला नाच तोच, हातातली वस्तू बदलली. बायकोची परवानगी होती. नवऱ्याच्या हाती झाडू द्यायचं राहून गेलं होतं, ते तिनं उरकून घेतलं असावं.

त्याच १९९७ मध्ये ॲपल कंपनीनं जगावेगळ्या माणसांची एक जाहिरात केली, जुन्या कृष्णधवल तुकड्यांची. त्यात आइन्स्टाइन, त्यात मार्टिन ल्यूथर किंग, आणि त्यात आपले गांधीजी. १९०९ साली 'हिंद स्वराज'मध्ये यंत्रांवर कोरडे ओढणारा माणूस संगणक विकायला उभा. शिवणयंत्र असतं तर कदाचित हो म्हणाले असते. सिंगरच्या यंत्राचं त्यांनी कौतुक केलेलं आहे. पण विचारतो कोण? संग्रहित माणसाचा मोठा गुण हाच, की तो उपोषणाला बसत नाही.

सिनेमावाले तर पहिल्यापासून निगरगट्ट. ड्रॅक्युला म्हणून गाजलेला बेला लुगोसी १९५६ मध्ये गेला, तेव्हा दिग्दर्शक एड वुडकडे त्याची मोजकी चार-दोन दृश्यं पडून होती. तेवढ्यावर त्यानं 'प्लॅन नाइन फ्रॉम आउटर स्पेस'मध्ये लुगोसीला भूमिका दिली. उरलेला लुगोसी वुडच्या बायकोच्या कायरोप्रॅक्टरनं केला, म्हणजे मणके मोडून देणाऱ्या डॉक्टरनं. तो अंगापिंडानं लुगोसीसारखा नव्हता, म्हणून सबंध सिनेमाभर झग्याचं टोक नाकावर धरून फिरला. पीटर सेलर्स १९८० मध्ये गेला, १९८२ मध्ये त्याच्या 'पिंक पँथर' मालिकेचा नवा भाग आला, जुन्या भागांतून कापून टाकलेल्या कपट्यांतून शिवलेला. त्याची विधवा कोर्टात गेली आणि दहा लाखांहून अधिक डॉलर घेऊन बाहेर आली. मढ्याच्या टाळूवरचं लोणी खाणारे आपल्याकडेही आहेत, पण त्यांच्याकडून तूप कढवून घेणारी बाई मी तरी दुसरी पाहिली नाही.

आपल्याकडे पंचाईत वेगळीच. काकांचं दृश्य आहे, नाव नाही. आपल्या पहिल्या पडद्यावरच्या माणसांची नावं आहेत, दृश्य नाही. हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर, म्हणजे सावेदादा, यांनी १८९९ मध्ये हँगिंग गार्डनला एक कुस्ती चित्रित केली. पैलवान कोण? पुंडलिकदादा आणि कृष्णा न्हावी. नोंदी पक्क्या आहेत. १९०१ च्या डिसेंबरात केंब्रिजहून सीनियर रँग्लर होऊन आलेल्या रघुनाथराव परांजप्यांचं मुंबईत स्वागत झालं, तेही सावेदादांनी टिपलं. आपली पहिली वृत्तफिल्म म्हणून परीक्षेत विचारतात. दोन मार्कांना असते. रिळं मात्र पाहायला मिळत नाहीत. कोण जिंकलं, पुंडलिकदादा की कृष्णा न्हावी, हे बघायची सोय नाही.

मूकपटांच्या जमान्यात देशात तेराशेच्या वर चित्रपट झाले. त्यांतले जेमतेम तिसेक उरले, तेही पुष्कळसे तुकड्यांत. बाकीचे गेले कुठे? जुन्या फिल्मवर चांदी असते. गल्लीबोळांतले लोक रिळं किलोवर घ्यायचे, धुऊन चांदी काढायचे. पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाचे पी. के. नायर आयुष्यभर रिळांमागे हिंडले. 'आलम आरा' (१९३१), म्हणजे आपला पहिला बोलपट, शोधत ते निर्माते अर्देशीर इराणींच्या घरच्यांपर्यंत पोचले, तर तिचीही चांदी काढून झालेली होती. नायिका जुबेदा आज कुणाच्या तरी समईत किंवा जोडव्यात असेल. जे पुण्याला सुखरूप पोचलं, त्यातलं पुष्कळसं जानेवारी २००३ च्या आगीत प्रभातच्या जुन्या आवारात जळलं. नायट्रेटची फिल्म होती, तिला पेटायला निमित्तही लागत नाही. जे जपायला हवं ते आपण वितळवलं आणि जाळलं, आणि कांदेवाल्या बाई मात्र पाच ठिकाणी सर्व्हरवर सुरक्षित आहेत.

एक गोष्ट मात्र तिरकस सांगता येत नाही. ७ डिसेंबर १९५६ ला डॉ. आंबेडकरांची अंत्ययात्रा राजगृहाहून दादरच्या चौपाटीकडे निघाली, ती नामदेवराव व्हटकरांनी स्वतःच्या हिमतीवर चित्रित केली. ती जपली गेली. काही वर्षांपूर्वी सहा डिसेंबरला शिवाजी पार्काच्या कडेला एका ठेल्यावर ती दृश्यं चालू होती. पुस्तकं, कॅलेंडरं, बिल्ले आणि मधोमध छोटा टीव्ही. एक सत्तरीच्या पुढच्या बाई ठेलेवाल्याला हलू देत नव्हत्या.

'मागं घे. अजून मागं. आता थांबव. तो फेटेवाला बघ, खांबापाशी. माझा बाप हाय त्यो.'

पोरानं चित्र थांबवलं. 'आजी, खांबापाशी चार फेटेवाले आहेत.'

'असूं दे. चौघं बी बघते.'

मागे रांग लागली होती. कुणी 'चला चला' म्हटलं नाही. पोरानं सहा वेळा मागे घेतलं, सहा वेळा थांबवलं. दर सेकंदावर नव्हता.

आता तर मूळ दृश्याचीही फारशी गरज उरलेली नाही. चमचाभर विरजणापुरतं जुनं फुटेज असलं की यंत्र हवं तेवढं दही लावून देतं. करुणानिधी २०२४ मध्ये पडद्यावर येऊन शुभेच्छा देऊन गेले, ते जाऊन पाच वर्षं झाली होती. एप्रिल २०२५ मध्ये नाशिकच्या मेळाव्यात बाळासाहेब ठाकऱ्यांच्या आवाजात अख्खं भाषण झालं. हयात असताना बाळासाहेबांच्या तोंडी शब्द घालायची कुणाची छाती झाली असती? लेकीनं मध्यंतरी सुचवलं की काकांचे ओठसुद्धा यंत्राकडून वाचून घेता येतील. कल्पना चांगली आहे. पीटर जॅक्सननं २०१८ मध्ये पहिल्या महायुद्धाची मुकी फिल्म रंगीत केली, तेव्हा ओठ वाचणारी माणसं बसवून शिपाई काय बोलतायत ते शोधून काढलं होतं. मी काकूंना विचारलं. काकू म्हणाल्या, 'नको. त्या दिवशी ते काय बोलले असतील ते मला माहिती आहे. तुमच्या यंत्रापेक्षा खड्डाच बरा.' म्हणजे त्यांचंही मत मनातून माझ्यासारखंच आहे तर.

यंदा पाऊस झाला, लोकल बसली, वरून हाक आली. मी दोन-दोन पायऱ्या चढून पोचलो तोवर काका डावीकडून निघाले होते. पण गळ्यापर्यंत बुडालेले. मी दचकलोच. मग लक्षात आलं, पाणी तेवढंच आहे, खालच्या पट्ट्या वाढल्यात. सगळ्यांत खाली गुडघेदुखीच्या तेलाची, तिच्या डोक्यावर शेअर बाजाराची, तिच्या डोक्यावर लाल 'महाब्रेकिंग'ची. तिच्यावर कसाबसा काकांचा चेहरा. नेहमीच्या जागी आले, बोलायला तोंड उघडलं, तर ओठांवरून 'प्रशासन सज्ज' हा मजकूर सरकत गेला.

काकूंनी चष्मा काढला, पदरानं पुसला, पुन्हा लावला.

'बॅग कोरडी आहे अजून,' म्हणाल्या.